मलिक अंबर : एक जाणता कारभारी

मराठवाड्याच्या पठारावर, दौलताबादच्या दुर्गापासून काही कोसांच्या अंतरावर, खाम नावाच्या लहानशा नदीकाठी पूर्वी खडकी नावाचे एक खेडे होते. नावाप्रमाणेच ते गाव होते. चार हात खणले की मुरूम लागे आणि त्याखाली काळा कठीण खडक. पावसाळ्यात खाम नदी भरून वाहे. पण उन्हाळा आला की तिच्या पात्रात वाळू आणि गोटे तेवढे उरत. शेतकरी आकाशाकडे डोळे लावून पेरणी करीत, आणि ज्याची विहीर असे तो बैलांच्या मोटेने पाणी उपसून थोडीशी बागायत पिकवी. शेकडो वर्षे हाच क्रम चालला होता.

अशा या गावी सतराव्या शतकाच्या आरंभी एका कर्तबगार पुरुषाने राजधानीला साजेसे नगर वसविले, जमिनीच्या पोटातून वाट काढून त्या नगरात पाणी खेळविले, आणि भोवतालच्या मुलखातील शेतकऱ्यांसाठी शेतसाऱ्याची नवी घडी बसविली. हा पुरुष या देशात जन्मलेला नव्हता. तो राजकुळातला नव्हता, सरदारकुळातलाही नव्हता. बालपणीच तो गुलाम म्हणून विकला गेला होता. त्याचे नाव मलिक अंबर.

मलिक अंबरचा जन्म सुमारे १५४८ मध्ये आफ्रिका खंडातील हबसाण म्हणजे आजच्या इथिओपिया देशात झाला. त्याचे मूळ नाव चापू होते, असे सांगतात. त्या काळी त्या देशातील मुले पकडून अथवा विकत घेऊन अरबस्तानच्या बाजारात विकण्याचा अमानुष व्यापार चालत असे. चापूवरही हाच प्रसंग आला. आईबापांपासून तुटलेला हा मुलगा एका हातून दुसऱ्या हाती जात अखेर बगदादला मीर कासीम नावाच्या व्यापाऱ्याकडे आला. मीर कासीमने मुलाची बुद्धी ओळखली. त्याने त्याला लिहिणे, वाचणे आणि हिशेब ठेवणे शिकविले आणि त्याचे नाव अंबर ठेविले. स्वातंत्र्य हरपलेल्या त्या मुलाने विद्या मात्र मनापासून आत्मसात केली. पुढील आयुष्यात तलवारीइतकाच त्याला या विद्येचा उपयोग झाला.

काही वर्षांनी अंबर दक्षिण हिंदुस्थानात आला. येथे अहमदनगरच्या निजामशाहीचा पेशवा चंगीझखान याने त्याला विकत घेतले. हा चंगीझखान स्वतः एके काळी हबशी गुलाम होता. त्याच्या पदरी राहून अंबरने राज्यकारभार जवळून पाहिला. महसूल कसा गोळा होतो, फौजेला पगार कोठून मिळतो, गावचा पाटील आणि कुलकर्णी यांचे काम काय असते, हे सर्व त्याला उमगू लागले. चंगीझखानाच्या मृत्यूनंतर अंबर स्वतंत्र झाला. त्याने काही काळ विजापूरच्या आदिलशाहीत चाकरी केली. तेथेच त्याला मलिक ही पदवी मिळाली. पुढे तो एक लहानशी तुकडी घेऊन निजामशाहीत परतला.

तो काळ निजामशाहीच्या पडतीचा होता. १६०० मध्ये मोगलांनी अहमदनगरचा किल्ला घेतला. शूर चांदबिबी प्राणास मुकली. निजामशाही बुडाली असेच सर्वांना वाटले. परंतु किल्ला पडला म्हणून मुलूख पडला असे मलिक अंबरने मानले नाही. त्याने निजामशाही घराण्यातील मुर्तझा नावाच्या मुलाला गादीवर बसविले, परांड्यास नवी राजधानी केली आणि मराठे व हबशी स्वारांची फौज उभारली. पुढे राजधानी जुन्नरला व तेथून दौलताबादला आली. पेशवा या नात्याने राज्याची सर्व सूत्रे अंबरच्याच हाती होती.

दिल्लीच्या बादशहाशी झुंज द्यावयाची तर फौज हवी, फौजेला पगार हवा, आणि पगाराला पैसा हवा. तो पैसा अखेर एकाच ठिकाणाहून यावयाचा होता, तो म्हणजे शेतकऱ्याच्या शेतातून. परंतु शेतकऱ्याची स्थिती फार वाईट होती. सततच्या लढायांनी गावे उजाड झाली होती. कित्येक कुटुंबे बैलबारदाना घेऊन परमुलखात निघून गेली होती. त्यात भर होती मक्त्याच्या पद्धतीची. सरकार एखाद्या परगण्याचा वसूल गोळा करण्याचा मक्ता धनिकाला देई. मक्तेदार ठरलेली रक्कम सरकारात भरी आणि मग रयतेकडून जेवढे उकळता येईल तेवढे उकळी. पुढल्या वर्षी मक्ता आपल्याकडे राहील याची त्याला शाश्वती नसे. त्यामुळे शेतकरी जगला काय आणि मेला काय, याची त्याला पर्वा नसे. अशा स्थितीत शेतकऱ्याने विहीर तरी कशासाठी खणावी? बांध तरी कशासाठी घालावा? जमीन सुधारली तर वाढलेले पीक मक्तेदाराच्याच घरी जाणार!

मलिक अंबरने हे मूळ दुखणे ओळखले. त्याने मक्त्याची पद्धत बंद केली आणि वसुलाचे काम सरकारी कारभाऱ्यांकडे सोपविले. या कामी हिशेबात तरबेज असलेल्या ब्राह्मण कारकुनांना त्याने नेमले व त्यांच्यावर देखरेख करणारे अधिकारी ठेविले. गावगाड्यातील ज्या जुन्या संस्था मोडकळीस आल्या होत्या त्या त्याने पुन्हा उभ्या केल्या. पाटील, कुलकर्णी आणि इतर वतनदार यांना आपापल्या कामावर बसविले. येथे त्याच्या स्वभावाचा एक विशेष दिसून येतो. जुने म्हणून त्याने काही टाकले नाही, आणि जुने म्हणून काही जपलेही नाही. मक्ता ही चालत आलेली रीत होती. ती त्याने मोडली. गावचा कारभार हीही चालत आलेली रीत होती. तिला त्याने आधार दिला.

त्यानंतर त्याने जमिनीचा प्रश्न हाती घेतला. सर्व जमीन सारखी नसते. नदीकाठची काळी जमीन ओल धरून ठेवते आणि रब्बीचे पीक देते. माळावरच्या बरड जमिनीत बाजरी कशीबशी हाती येते. दोहोंना एकच सारा लावणे अन्यायाचे होते. म्हणून जमिनीचा कस पाहून तिची प्रतवारी करावी आणि प्रत्यक्ष पिकाच्या मानाने सारा घ्यावा, असे धोरण अंबरने ठेविले. आरंभी सारा धान्याच्या रूपाने घेत. पिकाच्या सुमारे दोन पंचमांश हिस्सा सरकारात जाई, असे सांगतात. पुढे काही हंगामांचा अनुभव पाहून धान्याऐवजी रोख रक्कम घेण्याची पद्धत सुरू झाली. ही रक्कम पिकाच्या सुमारे एक तृतीयांश किमतीएवढी असे आणि ती दरवर्षी लागवडीच्या मानाने ठरे.

हा बदल वरवर लहान दिसतो. पण शेतकऱ्याच्या दृष्टीने तो मोठा होता, आणि त्याच्या दोन्ही बाजू नीट तोलून पाहण्यासारख्या होत्या. समजा, एका शेतात १० खंडी जोंधळा पिकला. दोन पंचमांशाच्या हिशेबाने ४ खंडी सरकारात गेला आणि ६ खंडी घरी राहिला. पुढल्या वर्षी पाऊस ओढ देऊन गेला आणि ५ खंडीच पीक आले, तर सरकारात २ खंडी जाणार. म्हणजे जुन्या रीतीत पीक बुडाले की सरकारचा हिस्साही आपोआप घटे, आणि दुष्काळाचे ओझे थोडेसे वाटले जाई. शेतकऱ्याला बाजारही गाठावा लागत नसे. उलट, धान्य खळ्यावर मोजेपर्यंत त्याला हात लावता येत नसे. मोजणारा प्रामाणिक नसला तर लूट होई. आणि मेहनत करून पीक वाढविले तर त्यातलाही हिस्सा द्यावा लागे. रोख पद्धतीत देणे किती हे आधी कळे, आणि अधिक कष्टाने पिकविलेले धान्य घरात राहण्याची आशा असे. पण रोख रक्कम उभी करावयाची तर धान्य विकले पाहिजे, आणि सुगीच्या वेळी सर्वांनीच धान्य विकावयास काढले म्हणजे भाव उतरतो, हेही खरेच.

मलिक अंबरने या दोन रीतींतील निवड घाईने केली नाही. आधी त्याने जुन्या धान्यरूप पद्धतीला शिस्त लावली, काही हंगाम जाऊ दिले, कोणती जमीन सरासरीने किती पिकते याचा अदमास घेतला आणि मगच रोख सारा ठरविला. नवी पद्धत कितीही चांगली असली तरी ती एका वर्षाच्या अनुभवावर लादू नये, एवढे शहाणपण त्याच्यापाशी होते. मुख्य म्हणजे लागवड कमी झाली तर साराही कमी होई. हळूहळू लोकांना विश्वास वाटू लागला. पडीक जमिनी पुन्हा लागवडीस आल्या, आणि सतत लढाया चालू असूनही राज्याचा खजिना भरू लागला.

१६१० मध्ये अंबरने खडकी येथे नवे नगर वसविण्यास आरंभ केला. मोगलांवरील विजयाचे स्मारक म्हणून १६१२ मध्ये बांधलेला भडकल दरवाजा आजही तेथे उभा आहे. वाडे उठले, पेठा वसल्या, सैनिक आणि कारागीर राहावयास आले. मग प्रश्न उभा राहिला तो पाण्याचा. खेड्याला पुरणाऱ्या विहिरी नगराला कशा पुरणार? खाम नदी तर उन्हाळ्यात कोरडी पडे.

या प्रश्नावर जुने उपाय दोन होते : आणखी विहिरी खणाव्यात, किंवा तलाव बांधावा. विहिरीचे पाणी बैलांनी उपसावे लागे. बैलांना चारा लागे, आणि दुष्काळात पाण्याआधी चाराच संपे. उघड्या तलावाचे पाणी उन्हाने आटे. अंबरने तिसरा मार्ग निवडला. नगराच्या उत्तरेस डोंगर आहेत आणि तिकडून जमीन नगराकडे उतरत येते. पावसाचे पाणी त्या भागातील मुरमात झिरपते. पण खालच्या कठीण खडकात ते सहज शिरू शकत नाही. त्यामुळे मुरमाचा थर भिजलेला राहतो. या ओल्या थरात एक लांब भुयारी वाट खोदली, तर चारी बाजूंचे पाणी पाझरून तिच्यात उतरेल. आणि त्या वाटेला बेताचा उतार दिला, तर ते पाणी बैलांवाचून आणि मोटेवाचून आपोआप नगरापर्यंत चालत येईल. पाणथळ शेतात शेतकरी चर काढतो आणि साचलेले पाणी बाहेर वाहून नेतो. त्याचेच हे मोठे रूप होय. फरक इतकाच की शेतकरी ते पाणी दूर करतो आणि अंबरला ते हवे होते.

भुयारी पाटांची ही विद्या इराणात फार प्राचीन होती आणि दक्षिणेत बिदरलाही ती ठाऊक होती. तथापि खडकीच्या लोकांना ही गोष्ट नवी होती. दरबारातील एका विद्वान अधिकाऱ्याने ही कल्पना म्हणजे निव्वळ स्वप्न आहे असे म्हणून ती हसण्यावारी नेली, असे सांगतात. त्याची शंका अगदीच पोकळ होती असे म्हणता येणार नाही. उतार थोडा जरी चुकला तर पाणी अडेल. माती ढासळली तर वाट बुजेल. आणि सर्व खर्च पाण्यात जाईल. जमिनीखालचे काम डोळ्यांना दिसत नाही. त्यावर विश्वास ठेवणे कठीणच असते.

अंबरने या शंकांना शब्दांनी उत्तर दिले नाही. त्याने काम सुरू केले. ठरावीक अंतरावर उभी विवरे खोदून ती भुयाराने एकमेकांना जोडली. या विवरांतून खोदलेली माती वर येई, भुयारात हवा खेळे आणि पुढे दुरुस्तीसाठी माणसांना आत उतरता येई. नगरात मातीच्या भाजक्या नळांनी पाणी वाटले गेले, आणि नळांतील दाब व हवा आवरण्यासाठी जागोजाग दगडी मनोरे बांधले. सुमारे १५ महिन्यांत, अडीच लाख रुपये खर्चून हे काम पुरे झाले, असे परंपरा सांगते. पाणी हौदांत आले, तेव्हा वादाला जागा उरली नाही. लोक या पाटाला नहर-ए-अंबरी म्हणू लागले.

परंतु अंबरला स्वस्थता अशी कधी लाभलीच नाही. १६१६ मध्ये रोशनगावच्या लढाईत त्याचा पराभव झाला, आणि मोगल फौजेने खडकीत शिरून घरे आणि वाडे जाळले. म्हातारपणी उभारलेले नगर डोळ्यांदेखत बेचिराख झाले. दुसरा एखादा खचून गेला असता. अंबरने ते पुन्हा उभारले. जाळपोळीने वाडे गेले होते. पण जमिनीच्या पोटातील पाणी आणि गावोगावची घडी सहजासहजी जळण्यासारखी नव्हती.

१६२४ मध्ये अहमदनगरजवळ भातवडी येथे मोगल आणि आदिलशाही यांच्या एकत्र फौजांशी त्याची गाठ पडली. शत्रूचे बळ मोठे होते. अंबरने तेथील तलावाचा बांध फोडला. पाणी पसरून सारा परिसर चिखलमय झाला आणि शत्रूच्या फौजेची हालचाल मंदावली. मग अंबरच्या सैन्याने हल्ला करून मोठा विजय मिळविला. या लढाईत शहाजीराजे भोसले यांनी पराक्रम गाजविला आणि त्यांचे बंधू शरीफजी धारातीर्थी पडले. ज्या पाण्याने त्याने नगर जगविले, त्याच पाण्याने त्याने युद्ध जिंकले. मात्र फुटलेल्या बांधाखालील शेतांचे काय झाले असेल, हा विचारही मनात आल्यावाचून राहत नाही. अंबर रयतेची काळजी वाहणारा होता, तसाच तो अखंड युद्ध करणाराही होता. त्या युद्धाचा खर्च आणि त्याची झळ शेवटी शेतकऱ्यालाच सोसावी लागे. थोर माणसाचे चरित्र वाचताना ही दुसरी बाजूही विसरू नये.

१६२६ मध्ये, वयाच्या सुमारे ऐंशीव्या वर्षी मलिक अंबरचा मृत्यू झाला. खुलताबाद येथे त्याची कबर आहे. त्याचा मुलगा फत्तेखान याच्या नावावरून खडकीला फत्तेनगर म्हणू लागले. पण बापाची योग्यता मुलाच्या अंगी नव्हती. १६३० मध्ये दक्षिणेत भयंकर दुष्काळ पडला आणि १६३६ मध्ये निजामशाही संपली. १६५३ मध्ये औरंगजेबाने फत्तेनगरला औरंगाबाद हे नाव दिले; २०२३ मध्ये ते छत्रपती संभाजीनगर झाले.

राज्य बुडाले, पण अंबरने घालून दिलेली घडी बुडाली नाही. त्याची सारापद्धती पुढे मराठ्यांच्या कारभारात मलिकंबरी या नावाने ओळखली गेली. नहरींचे कामही पुढच्या काळात वाढत गेले. अठराव्या शतकात बांधलेली पाणचक्की अशाच एका नहरीच्या पाण्यावर फिरे. पिढ्यान्‌पिढ्या नगर हे पाणी प्याले.

मग काळ पालटला. लोकवस्ती वाढली, हर्सूलच्या तलावाचे आणि पुढे गोदावरीवरील जायकवाडी धरणाचे पाणी शहरात आले. विजेच्या पंपांनी ते उंचावर चढविले जाऊ लागले. वाढत्या शहराला त्यावाचून गत्यंतर नव्हते. पण नवे आले म्हणून जुन्याकडे दुर्लक्ष झाले. कोठे नहरीवर घरे उठली, कोठे विवरे बुजली. एके काळी नवी म्हणून हसण्यावारी नेलेली गोष्ट आता जुनी म्हणून टाकून दिली गेली! तिकडे खेड्यांतही असाच प्रश्न आहे. कालव्याने पाणी आले आणि पिके वाढली. परंतु भारी काळ्या जमिनीत पाणी अधिक झाले आणि त्याचा निचरा झाला नाही, तर जमीन पाणथळ व खारवट होते. पाणी आणणे जितके महत्त्वाचे तितकेच ते वाहून नेणेही महत्त्वाचे, हे आपल्या आजोबांनी बांधाकडेला काढलेला चर सांगत असतो.

म्हणून मलिक अंबरचे चरित्र आजही वाचण्यासारखे आहे. नवे आणि जुने यांचा वाद त्याच्याही काळी होता. तो मिटविताना त्याने नव्याचा हव्यास धरला नाही आणि जुन्याचा हट्टही धरला नाही. जमीन कशी उतरते, पाणी कोठे मुरते, शेत किती पिकते आणि शेतकऱ्याच्या घरी किती उरते, हे त्याने आधी पाहिले व मग ठरविले. हबसाणात जन्मलेल्या आणि बाजारात विकल्या गेलेल्या त्या मुलाने ही भूमी आपली मानली. ती त्याने जेवढी जाणली, तेवढी येथे जन्मलेल्या किती जणांनी जाणली असेल?